आटणे, वाळणे, उडणे

गड्डा यात्रेच्या दिवसांत सोलापुरात पहाटेचा गारवा वाढला, की आमच्या घरातील खोबरेल तेलाची बाटली थिजते. यंदा ती उन्हात ठेवताना सहावीत शिकणाऱ्या भाचीने विचारले, “मामा, पुस्तकात ‘गोठणे’ लिहिलंय, मग आपण तेल थिजलं असं का म्हणतो?”

द्रवाचा स्थायू होणे, या अर्थी दोन्ही शब्द योग्यच आहेत. मात्र शुद्ध पाणी ० अंश सेल्सिअसला गोठते, तर खोबरेल तेल हे अनेक मेदांचे मिश्रण असल्यामुळे २४ अंशांच्या आसपास आधी गढूळ, मग दाट आणि शेवटी घट्ट होत जाते. या सावकाश घट्ट होण्याला ‘थिजणे’ हेच क्रियापद शोभते. रक्त ‘गोठते’ तेव्हा तर अवस्थांतर होतच नाही, ती रक्तातील प्रथिनांची रासायनिक क्रिया असते, हेही तिला मुद्दाम सांगितले.

बाष्पीभवनापाशी आलो, तेव्हा मराठीची श्रीमंती मलाच नव्याने जाणवली. पुस्तकातील त्या एका संज्ञेसाठी घरात निरनिराळी क्रियापदे आहेत, आणि मागे काय उरते यावरून त्यांची निवड होते. दूध आटते, विहीर आटते, कारण तेथे आपले लक्ष कमी होत जाणाऱ्या द्रवाकडे असते. धुणे वाळते, आपली कडक भाकरी वाळते, कारण पाणी गेले तरी वस्तू हाती राहते. स्पिरिट उडते, कारण मागे काहीच उरत नाही. कापूरही उडतो, पण तो स्थायूतून थेट वायूत जातो, म्हणून त्याला संप्लवन म्हणतात.

उलट स्थायू ज्या तापमानाला वितळतो त्यासाठीची ‘विलयबिंदू’ ही पुस्तकी संज्ञा मला खटकते. ‘विलीन होणे’ कानावर असलेल्या मुलाला त्यात विरघळणे ऐकू येते, आणि बर्फाचे वितळणे व पाण्यात साखरेचे विरघळणे या दोन वेगळ्या गोष्टींची गल्लत होते. बर्फाला केवळ उष्णता पुरते, साखरेला पाणी लागते. मराठी विश्वकोशाने ‘वितळबिंदू’ आणि ‘उकळबिंदू’ हे शब्द वापरले आहेत, आणि ते शाळेतही रुळावेत असे मला मनापासून वाटते.

घरगुती शब्द प्रत्येक वेळी बरोबर असतो, असेही नाही. दव ‘पडते’ असे आपण म्हणतो, पण ते वरून पडत नाही; हवेतील बाष्प थंड पानावरच द्रवरूप होते.

वायूचा थेट स्थायू होण्याला आपल्याकडे काय म्हणतात, हे मात्र मला सुचेना. ‘निक्षेपण’ हा शब्द तिला अवघड वाटला. तिने देवघरातील कापराची जुनी डबी उघडून पाहिली, झाकणाला आतून चिकटलेल्या बारीक कणांवर बोट फिरवले आणि म्हणाली, “झाकणाला कापूर धरलाय.” वहीत मी तिला ‘धरणे’ असेच लिहायला सांगितले.