एलिझाबेथ बॅरीचे नाव मी आधी का घेतो

इंग्लंडच्या रिस्टोरेशन काळातील, म्हणजे १६६० मध्ये राजसत्ता परत आल्यानंतरच्या, रंगभूमीविषयी मी बोलू लागलो की कोणीतरी हमखास विचारते, ‘त्या काळातील नटी म्हटले की नेल ग्विन आठवते; तुम्ही मात्र एलिझाबेथ बॅरीपासून का सुरुवात करता?’ तुम्हीही तेच विचारलेत, म्हणून जरा सविस्तर सांगतो.

नेल ग्विन विनोदी भूमिकांत चतुर होती, यात शंका नाही. पण तिची रंगभूमीवरील कारकीर्द १६७१ च्या सुमारास, जेमतेम सहा-सात वर्षांत आटोपली आणि पुढे ती दुसऱ्या चार्ल्स राजाची प्रेयसी म्हणूनच ओळखली गेली. बॅरी मात्र सुमारे पस्तीस वर्षे अभिनयावर जगली.

पार्लमेंटने १६४२ मध्ये बंद केलेली नाट्यगृहे १६६० मध्ये राजा परतल्यावर उघडली आणि त्याच वर्षी ८ डिसेंबरला ‘ऑथेल्लो’मधील डेस्डिमोना एका स्त्रीने उभी केली. तोवर अशा भूमिका मुलगे करीत. त्यानंतर पंधराएक वर्षांनी बॅरी लंडनच्या ‘ड्यूकची कंपनी’ या नाटकमंडळीत आली, आणि तिची सुरुवात अगदीच सुमार झाली.

येथे एक प्रसिद्ध कथा सांगितली जाते. रोचेस्टरच्या अर्लने, म्हणजे दरबारातील एका उमराव कवीने, पैज लावून तिला शिकवले आणि तिची नटी घडवली, अशी ती कथा. त्यांचे संबंध होते आणि १६७७ मध्ये त्यांना मुलगीही झाली, हे खरे. परंतु ही कथा छापून आली ती १७४१ मध्ये, म्हणजे बॅरीच्या मृत्यूला अठ्ठावीस वर्षे लोटल्यावर. क्षणभर ती खरी धरली, तरी रोचेस्टर १६८० च्या जुलैमध्ये वारला. त्याच वर्षी नाटककार ऑटवेच्या ‘द ऑर्फन’मधील मोनिमियाच्या भूमिकेने बॅरीला शोकनटी म्हणून नाव मिळवून दिले, १६८२ मध्ये ‘व्हेनिस प्रिझर्व्ह्ड’मधील बेल्व्हिडेरा आणि १६९४ मध्ये नाटककार सदर्नच्या ‘द फेटल मॅरेज’मधील इझाबेला आली. गुरू गेल्यावरची ही तीस वर्षे कोणाच्या खात्यावर मांडायची?

मला त्याहून मोलाचा वाटतो तिचा व्यवहार. एखाद्या प्रयोगाचे उत्पन्न, नाट्यगृहाचा खर्च वजा जाता, दरवर्षी एकाच कलावंताला देण्याचा मान प्रथम तिला मिळाला आणि १६९५ पर्यंत तो तिच्या एकटीचाच होता, असे तिच्यासोबत काम केलेला नट कॉली सिबर नोंदवतो. त्या वर्षी नाट्यगृहाचा चालक क्रिस्टोफर रिच याच्या कारभाराला कंटाळून ज्येष्ठ नट बेटरटन, बॅरी आणि नटी अ‍ॅन ब्रेसगर्डल आपल्या सहकाऱ्यांसह बाहेर पडले, विल्यम राजाकडून परवाना मिळवला आणि लिंकन्स इन फील्ड्समधील एका जुन्या टेनिस कोर्टात स्वतःचे नाट्यगृह थाटले. पहिले नाटक होते नाटककार काँग्रीव्हचे ‘लव्ह फॉर लव्ह’. या कंपनीत बॅरी केवळ पगारी नटी नव्हती, भागीदार होती. राजाची प्रेयसी होण्यापेक्षा हे मला अवघड वाटते, पण ऐकणाऱ्यांना त्यात मजा वाटत नाही, हेही मी पाहिले आहे.

चौदा वर्षांनी, एप्रिल १७०९ मध्ये, सत्तरी ओलांडलेल्या बेटरटनच्या मदतीसाठी ‘लव्ह फॉर लव्ह’ पुन्हा लागले. निवृत्त झालेली ब्रेसगर्डल त्यासाठी मुद्दाम परतली आणि प्रयोगाच्या शेवटी प्रेक्षकांना उद्देशून म्हणायचे रो या नाटककाराचे पद्य बॅरीने म्हटले.