‘व्यवसाय’ या एका रकान्यात गेलेले अकरा आठवडे

टर्म पॉलिसी, म्हणजे ठरावीक मुदतीचा आयुर्विमा, हातात येऊन चार महिने झाले, तरी विमा कंपनीच्या त्या शाखेवरून बस गेली की माझ्या कपाळाला आठी पडते. कंपनीचं नाव लिहीत नाही. माझ्यासारखंच काम करणाऱ्या मुलामुलींचे अकरा आठवडे वाचावेत, म्हणून हे लिहिते आहे.

मी स्टंट आर्टिस्ट आहे. लहानपणी पुण्यात टिळक रोडला महाराष्ट्रीय मंडळात दोरीचा मल्लखांब शिकले, तिथूनच या कामात आले. काम बहुतेक मुंबईत असतं. सिंहगड एक्सप्रेसने दादर, तिथून गोरेगावची चित्रनगरी. मालिकांमध्ये नायिकेची डबल, कधी वाई-भोरकडे सिनेमाचं शूटिंग. हार्नेस, वायर, खोक्यांवरची उडी, जिन्यावरून पडणं हे माझं रोजचं काम.

नोव्हेंबर २०१६ मध्ये बंगळूरजवळ तिप्पगोंडनहळ्ळीच्या जलाशयात हेलिकॉप्टरमधून उडी मारलेले दोन कलाकार बुडाले. अंगात लाइफ जॅकेटसुद्धा नव्हतं. तेव्हापासून विम्याचा विचार डोक्यात होता, मुलगी झाल्यावर मात्र झोप लागेना. २०१७ मध्ये अक्षय कुमार यांच्या पुढाकाराने स्टंट कलाकारांसाठी गट विमा सुरू झाला, त्याचं मोल आम्हा सगळ्यांना आहे. पण गटाचा विमा गटाबरोबर चालतो. मला माझ्या नावाची, उद्या काम सोडलं तरी टिकणारी पॉलिसी हवी होती.

अपघात विमा आठ दिवसांत झाला. त्यात कामाच्या धोक्याप्रमाणे तीन गट असतात. सर्कसमधले कलाकार, जॉकी, खाणीत उतरणारे कामगार तिसऱ्या गटात. मलाही तिथेच घेतलं, हप्ता जास्त पडला, विषय संपला. वैद्यकीय तपासणीही एका सकाळी उरकली.

अडकलं ते टर्मचं. फॉर्मवर ‘व्यवसाय’ असा रकाना होता. मी लिहिलं, ‘स्टंट कलाकार, चित्रपट व दूरचित्रवाणी’. शाखेतल्या मॅडम म्हणाल्या, “हे सिस्टिममध्ये नाहीये हो. यादीतलंच काहीतरी निवडावं लागेल.” यादीत अभिनेत्री होती, नर्तिका होती, आम्ही नव्हतो. त्यांनी मला न विचारता ‘अभिनेत्री’ टाकलं. तीन आठवड्यांनी मुंबईहून फाइल परत आली. जोडलेल्या प्रश्नावलीत उंचीवरून उड्या, आग, गाड्या असं लिहिलेलं, आणि व्यवसाय अभिनेत्री! माहिती जुळत नाही, असा शेरा.

दुसऱ्यांदा ‘इतर’ टाकलं. मग पत्र आलं की, नोकरी देणाऱ्याचं प्रमाणपत्र आणि सहा महिन्यांच्या पगाराच्या पावत्या द्या. मला नोकरी कोण देतं? एका महिन्यात मी चार निर्मात्यांकडे काम करते, दिवसाच्या हिशेबाने, आणि पैसे यायला तीन-तीन महिने लागतात. हे मी त्या काउंटरवर चार वेळा, चार वेगवेगळ्या माणसांना सांगितलं. दर वेळी टोकन, दर वेळी पहिल्यापासून. एकाने विचारलं, “बायकासुद्धा करतात का हे?” त्याला म्हटलं, १९७५ च्या ‘शोले’त बसंतीचा टांगा उधळतो, तिथे हेमा मालिनींच्या जागी रेश्मा पठाण होत्या, तुमच्या-माझ्या जन्माआधीची गोष्ट आहे. तो गप्प बसला. फाइल तरी हलली नाहीच.

याच दिवसांत बाबांच्या ओळखीचे एजंट काका घरी आले. मी सकाळी लहान मुलांना जिम्नॅस्टिक्स शिकवते, हे त्यांना माहीत होतं. “अगं, ‘क्रीडा शिक्षिका’ लिही. खोटं कुठे आहे त्यात? पंधरा दिवसांत पॉलिसी घरी.” काकांचा हेतू चांगला होता आणि मी इतकी थकले होते की पेन हातात घेतलंही होतं. पण विमा कायद्याचं कलम ४५ असं आहे की, पहिल्या तीन वर्षांत महत्त्वाची माहिती लपवल्याचं निघालं तर कंपनी क्लेम नाकारू शकते. तीन वर्षांनंतर मात्र पॉलिसीवर कुठल्याच कारणाने बोट ठेवता येत नाही. त्या तीन वर्षांत मला सेटवर काही झालं, तर माझ्या मुलीने दारोदार काय सांगत फिरायचं? आई शिक्षिका होती? पेन खाली ठेवलं. आणि खरं सांगायचं तर, बारा वर्षं जे काम मान ताठ ठेवून केलं, त्याचं नाव लपवायला मन तयार नव्हतं.

ही यादीची अडचण एका कंपनीपुरती नाही. रिटर्न भरताना आमच्या सीएंनी आयकर नियम ६ एफ दाखवला होता. त्यात सिनेमातल्या कलाकारांची यादी आहे. नृत्य दिग्दर्शक आहे, गीतकार आहे, वेशभूषाकारही आहे. मारामारी बसवणारा नाही आणि करणाराही नाही. तेव्हा मी फक्त ऐकून घेतलं होतं, आता राग आला.

शेवटी पगाराच्या पावतीचा नाद सोडला आणि एकच गठ्ठा केला: तीन वर्षांचे रिटर्न, २६ एएस, म्हणजे आयकर खात्याचं कापलेल्या कराचं पत्रक (निर्माते टीडीएस कापतात, म्हणून कोणी किती दिले ते त्यात दिसतं), बँकेचं स्टेटमेंट, कामाची व्हाउचरं आणि आमच्या फाइट मास्टरांचं लेटरहेडवरचं पत्र. पत्रात त्यांनी साध्या शब्दांत लिहिलं, ही वर्षाला साधारण किती दिवस काम करते, किती उंचीवरून उडी घेते, खाली एअरबॅग असते का, सेटवर ॲम्ब्युलन्स असते का. वर माझा एक पानाचा अर्ज, आणि दुसऱ्या प्रतीवर पोच. पोच आधीच्या दोन्ही वेळी घेतली नव्हती, तुम्ही पहिल्याच दिवशी घ्या. हा गठ्ठा अंडररायटरपर्यंत, म्हणजे धोका तपासून हप्ता ठरवणाऱ्या माणसापर्यंत गेला आणि नऊ दिवसांत उत्तर आलं. विम्याच्या रकमेवर हजारी ३ रुपये जादा, म्हणजे ५० लाखांवर वर्षाला १५,००० रुपये जास्त. मी तिथेच भरले.

पॉलिसी घरी आल्यावर एजंट काका म्हणाले, कपाटात ठेव. मी आधी मागे जोडलेली फॉर्मची प्रत वाचली. व्यवसाय: अभिनेत्री. पुन्हा! पॉलिसी आल्यापासून ३० दिवस फ्री लूकचे असतात, पटली नाही तर परत करता येते. तेवढ्यात गेले, दुरुस्तीचं पान लावून घेतलं, शब्द वाचून पाहिला, मगच निघाले.

व्हाउचरचं राहिलं. शिफ्ट संपली की तिथल्या तिथे फोटो काढून ठेवा. नंतर मागायला गेलं की प्रॉडक्शनचा माणूस बदललेला असतो, ऑफिसही हललेलं असतं. माझी दोन वर्षांपूर्वीची सात व्हाउचरं अशीच गेली.