तीनदा ही-बोंग

कोरियन सिनेमांचा नाद लागला की नायकांच्या आधी म्हातारे ओळखू यायला लागतात. नायक दर सिनेमात केसांची ठेवण बदलतो आणि आपली पंचाईत करतो. म्हातारे तसे नसतात. आमच्या घरी ‘अरे, हे आले बघ!’ असा गलका सर्वांत जास्त झाला तो ब्यॉन ही-बोंग यांच्यासाठी.

१९४२ सालचा जन्म. सुरुवात आवाजाचा कलाकार म्हणून, मग कित्येक वर्षं टीव्ही: ऐतिहासिक मालिका आणि पोलिसी मालिकेतले गुन्हेगार. ते बघत मोठा झालेला बोंग जून-हो दिग्दर्शक झाला आणि २००० साली पहिल्याच सिनेमात त्याने यांना अपार्टमेंटच्या तळघरातला रखवालदार केलं. तिथे चोरून कुत्र्याचं कालवण शिजतंय आणि हे गृहस्थ अंधारात बॉयलरवाल्या किमच्या भुताची गोष्ट सांगत बसतात. कथानकाशी तिचा संबंध शून्य. सिनेमा आपटला, पण ती गोष्ट मी परत लावून बघतो.

दोघांनी पुढे एकत्र केलेल्या तीनही सिनेमांत दिग्दर्शकाने पात्राचं नावच ही-बोंग ठेवलं. ‘मेमरीज ऑफ मर्डर’मधल्या पोलीस साहेबांची खुर्ची अर्ध्या वाटेत जाते. ‘द होस्ट’मधले मात्र हान नदीकाठी टपरी चालवणारे वडील. थोरला मुलगा गिऱ्हाइकाच्या भाजलेल्या स्क्विडचा एक पाय परस्पर खातो, आणि निस्तरायचं यांनी. पुढे रात्री त्याच टपरीत ते धाकट्या दोघांना सांगतात, ‘हा लहानपणी हुशार होता रे, उपासमारीनं असा झाला.’ जीव तोडून सांगतात, आणि समोर दोघंही डुलक्या काढतायत! मग बाहेर, ज्याच्या मागावर हे सगळे आहेत तो नदीतला राक्षसी प्राणी येतो. थोरल्याने गोळ्या मोजण्यात घोळ घातलेला, बंदूक रिकामी. ते वळून मुलांकडे बघतात आणि हातानेच खुणावतात, निघा. तेवढंच. संवाद नाही, संगीताच्या आधी माझेच डोळे भरून येतात. २००६चा ब्लू ड्रॅगन हा कोरियन सिनेपुरस्कार सहायक अभिनेता म्हणून मिळाला. माझ्या मते त्या एका हाताला द्यायला हवा होता.

२०१७ मध्ये तिसरा सिनेमा ‘ओक्जा’ घेऊन ते कान महोत्सवाला गेले. वठलेल्या झाडाला फूल आल्यासारखं वाटतंय, असं तिथे म्हणाले. सप्टेंबर २०२३ मध्ये वारले.

‘ओक्जा’तले आजोबा मला आधी पटलेच नव्हते. नातीची लाडकी अजस्र डुकरीण ओक्जा कंपनीकडून विकत घ्यायला जमवलेला पैसा, आणि हे महाशय त्यातून सोन्याचं डुक्कर आणतात. नात ते भिरकावते, मीही मनातल्या मनात भिरकावलं. पण शेवटी कत्तलखान्यात कंपनीची मालकीण ना रडण्याला बधते, ना विनवण्यांना. बधते ती आजोबांच्या त्याच सोन्याच्या डुकराला. चावून बघते आणि ओक्जा सोडून देते.