माहितीपट, मालिका आणि चित्रपट: लाइटिंगची पद्धत कशी बदलावी लागते

माहितीपटात लाइट लावायला वेळ मिळत नाही, म्हणून मी माणसाची जागा ठरवतो. खोलीतली ट्यूबलाइट बंद करायची, माणसाला खिडकीच्या बाजूला, भिंतीपासून निदान दीड मीटर पुढे बसवायचं आणि व्हाइट बॅलन्स (कॅमेऱ्यातली रंगछटेची जुळणी) ५६०० केल्विनवर, म्हणजे दिवसाच्या उजेडाला, पक्का करायचा. ट्यूब चालू राहिली तर अर्धा चेहरा हिरवट येतो आणि ग्रेडिंगमध्येही, म्हणजे नंतरच्या रंगदुरुस्तीतही, तो धड सुधारत नाही. आपली वीज ५० हर्ट्झची, म्हणजे दिवे सेकंदाला १०० वेळा लुकलुकतात. सेकंदाला २५ फ्रेम घेताना १/५० शटर (प्रत्येक फ्रेमला सेकंदाचा पन्नासावा भाग उजेड) बिनधोक चालतं. शूट २४ फ्रेमचं असेल तर शटरचा कोन १७२.८ अंशांवर आणायचा, म्हणजे तोच १/५० मिळतो. स्वस्त एलईडी बल्ब मात्र कोणत्याही शटरला दगा देऊ शकतात, त्यामुळे आधी दहा सेकंद रेकॉर्ड करून बघावं. पावसाळ्यात कोकणात एसी गाडीतून उतरल्या उतरल्या कॅमेरा काढला की काचेवर बाष्प धरतं. बॅग अर्धा तास बंदच ठेवावी.

मालिकेत यातलं बरंच बाजूला ठेवावं लागलं. डेली सोपला रोज जवळपास एक भाग उभा राहावा लागतो, म्हणून तीन कॅमेरे एकदम चालतात: एक मास्टरवर (पूर्ण सीन दाखवणारी फ्रेम), दोन ओएसवर (एकाच्या खांद्यावरून दुसरा) किंवा क्लोजवर. एकाच लाइटिंगमध्ये तिन्ही फ्रेम निभावल्या पाहिजेत. वरून मोठा सॉफ्ट सोर्स, की (मुख्य लाइट) आणि फिलचं (सावली भरणारा लाइट) प्रमाण २:१ च्या आसपास, आणि प्रत्येक नटाला स्वतःचा बॅकलाइट (मागून येणारा लाइट), अशी माझी मांडणी असते. की जितका लांब नेता येईल तितका नेतो. लाइट २ मीटरवर असताना नट लाइटकडे एक मीटर सरकला तर चेहरा दोन स्टॉप चढतो (एक स्टॉप म्हणजे दुप्पट उजेड). तोच ६ मीटरवर असेल तर फरक जेमतेम अर्ध्या स्टॉपचा. तालीम पुरेशी होत नाही, नट मार्क (उभं राहायची ठरलेली जागा) चुकवतात, त्यामुळे हा अर्धा स्टॉप फार मोलाचा. ॲपर्चरही (लेन्सचं छिद्र; टी आकडा मोठा तितकं ते लहान) टी४ ते ५.६ मध्ये.

मालिकेचं लाइटिंग सपाट म्हणून नाक मुरडणाऱ्यांचं मला पटत नाही. ती घरात दिवा चालू ठेवून, स्वयंपाक करता करता बघितली जाते. खोल सावल्या तिथे नुसत्या काळ्या दिसतात. खरी कसोटी तिन्ही कॅमेरे जुळवण्याची आहे. ऑटो व्हाइट बॅलन्स बंद, आयएसओ (उजेडाची संवेदनशीलता) सारखा, आणि सकाळी तिन्ही कॅमेऱ्यांतून एकाच लाइटमध्ये कलर चार्ट घ्यायचा. वेगळ्या कंपन्यांच्या कॅमेरा बॉडी एकत्र आल्या तर त्वचेचा रंग कटागणिक बदलतो.

चित्रपटात एका लेन्ससाठी लाइट करायची मुभा मिळते, पण चुकायला जागा उरत नाही. सुपर ३५ सेन्सर (चित्रपटाच्या कॅमेऱ्यांचा एक प्रचलित आकार), ५० एमएम लेन्स, नट २ मीटरवर: टी२ ला फोकसची खोली (जेवढ्या अंतरात चित्र स्पष्ट राहतं) सुमारे १६ सेंटीमीटर, टी४ ला ३२. म्हणून ॲपर्चर ठरवण्याआधी फोकस पुलरशी (शॉट चालू असताना फोकस सांभाळणारा) बोलणं होतंच. रेकीला (शूटची जागा आधी बघायला) होकायंत्र घेऊन जातो आणि ऊन कोणत्या वेळी कुठून येईल ते प्रत्येक सीनपुढे लिहून ठेवतो. लेन्स टेस्टमध्ये मेकअप आणि कपडेही तपासतो. मॉनिटरवर खपून जाणारा पॅन (कॅमेरा आडवा फिरवणं) मोठ्या पडद्यावर थरथरतो. २४ फ्रेमला एखादी वस्तू फ्रेमच्या एका कडेपासून दुसरीपर्यंत जायला साधारण सात सेकंद द्यावीत.

थिएटरमध्ये पांढऱ्या पडद्याची उजळता ४८ निट्स (उजळता मोजायचं एकक), तीही पूर्ण अंधारात. टीव्हीचं ग्रेडिंग १०० निट्सच्या मॉनिटरवर होतं आणि प्रेक्षक उजेडात बसलेला असतो. त्यामुळे डीआय (चित्रपटाचं अंतिम डिजिटल ग्रेडिंग) ठरवतानाच टीव्हीसाठी ग्रेडिंगची वेगळी फेरी मी बजेटमध्ये मागून घेतो आणि रात्रीचे सगळे सीन तिच्यात पुन्हा एकेक करून बघतो.