एडी रॉबिन्सन, छप्पन्न वर्षं एकाच कॉलेजचा कोच

एडी रॉबिन्सनबद्दल मराठीत कुणी लिहिलेलं माझ्या तरी बघण्यात नाही, म्हणून मीच लिहायला बसले. हे अमेरिकन फुटबॉलचे कोच, म्हणजे आपल्याकडचा पायानं खेळायचा फुटबॉल नाही, हेल्मेट आणि खांद्याला पॅड लावून लांबुळका बॉल घेऊन पळतात तो, चार प्रयत्नांत दहा यार्ड पुढं सरकायचं नाहीतर बॉल समोरच्या टीमला. मी साताऱ्यात शाळेत पीटी शिकवते आणि संध्याकाळी मुलींची कबड्डी घेते, त्यामुळं अंगावर जाऊन धरणं, पाडणं हे बघायला मजा आली, पण खरं सांगायचं तर खेळापेक्षा ह्या कोचनंच मला जास्त धरून ठेवलं.

तिकडं कॉलेजचा फुटबॉल म्हणजे प्रचंड प्रकरण आहे. मिशिगन युनिव्हर्सिटीच्या स्टेडियमात लाखाच्या वर माणूस बसतं, आणि कित्येक राज्यांत सरकारी पगार घेणाऱ्यांत सगळ्यात जास्त पगार फुटबॉल कोचचा असतो. त्यामुळं कोच लोक एका कॉलेजातून दुसरीकडं जात राहतात. निक सेबन टोलेडो, मिशिगन स्टेट, एलएसयू (लुइझियाना स्टेट युनिव्हर्सिटी), मग मायामीची प्रोफेशनल टीम, मग अलाबामा असे फिरले आणि ७ नॅशनल टायटल घेऊन २०२४ ला थांबले. मोठाच माणूस, वाद नाही. पण रॉबिन्सन १९४१ साली २२ व्या वर्षी लुइझियानातल्या ग्रॅम्बलिंग नावाच्या बारक्या गावात कॉलेजला लागले आणि १९९७ ला तिथूनच रिटायर झाले.

वडील वाट्यानं शेती करायचे, आई लोकांच्या घरी कामाला जायची. ही नोकरी लागायच्या आधी ते स्वतः जनावरांच्या खाद्याच्या गिरणीत तासाला २५ सेंटवर राबत होते. कॉलेज काळ्या मुलांचं, पैशाची बोंब. ग्राउंडचं गवत स्वतः कापायचं, फक्की स्वतः मारायची, पोरांच्या घोट्याला टेप बांधायची, आणि मॅच झाली की बातमीपण स्वतःच लिहून पेपरला पाठवायची. पीटीचे सर-मॅडम कुणी हे वाचत असतील तर त्यांना ह्यातलं काही वेगळं समजावून सांगायची गरज नाही. पहिल्या सीझनला ३ जिंकल्या ५ हरल्या, आणि लगेच दुसऱ्या वर्षी, १९४२ ला, सगळ्या ९ जिंकल्या आणि समोरच्या एकाही टीमला एक पॉइंट करू दिला नाही!

बाहेरगावी मॅचला जायचं तर वाटेतल्या हॉटेलात काळ्या मुलांना बसून जेवू द्यायचे नाहीत, म्हणून रॉबिन्सन स्वतः पोरांसाठी सँडविच बनवून बरोबर घ्यायचे. सुरुवातीच्या वर्षांतली अजून एक गोष्ट सांगते. टीममधल्या भावांना वडिलांनी कापूस वेचायला घरी ठेवून घेतलं, तर ह्यांनी काय करावं, आख्खी टीम घेऊन त्यांच्या शेतावर गेले, सगळ्यांनी मिळून कापूस वेचून संपवला आणि पोरं परत खेळायला आणली. सुगी आली की आमच्या निम्म्या मुली ग्राउंडवर दिसत नाहीत, सोयाबीन काढायचं असतं, घरच्यांचंही चुकत नाही कारण माणूसच मिळत नाही. आम्ही फोन करतो, निरोप देतो. टीमच घेऊन शेतात जायचं हे मला कधी सुचलंच नव्हतं.

सकाळी साडेसहाला हातात गाईच्या गळ्यातली घंटा घेऊन ते हॉस्टेलभर फिरायचे, पोरं उठून क्लासला गेली पाहिजेत म्हणून, प्रॅक्टिसला नव्हे. कोचकडं बघताना मी पहिलं हेच बघते.

आणि क्वार्टरबॅकचं काय झालं ते ऐका. क्वार्टरबॅक म्हणजे टीमचं डोकं, कुठली चाल खेळायची आणि बॉल कुणाकडं फेकायचा हे मैदानावर त्याच्या हातात. काळ्या पोराला हे जमणार नाही असं तेव्हा सर्रास मानायचे, कॉलेजात क्वार्टरबॅक असलेला पोरगा प्रोफेशनलमध्ये गेला की त्याची जागा बदलायचे. रॉबिन्सननी जेम्स हॅरिसला ठरवून क्वार्टरबॅक म्हणूनच घडवलं आणि १९६९ ला तो बफेलोच्या प्रोफेशनल टीमकडून सीझनची पहिली मॅच त्याच जागेवर खेळला. मग डग विल्यम्स. १९८८ च्या जानेवारीत सुपर बोलमध्ये, म्हणजे प्रोफेशनल फुटबॉलच्या फायनलमध्ये, वॉशिंग्टननं डेनव्हरला ४२-१० नं धुतलं, त्यात वॉशिंग्टनकडून खेळणाऱ्या विल्यम्सनं एकाच क्वार्टरमध्ये, म्हणजे मॅचच्या पाव भागात, चार टचडाउन (बॉल समोरच्याच्या शेवटच्या रेषेपलीकडं नेऊन मिळणारे गुण) फेकले आणि मॅचचा सर्वोत्कृष्ट खेळाडू ठरला. सुपर बोलमध्ये सुरुवातीपासून खेळणारा आणि जिंकणारा पहिला काळा क्वार्टरबॅक, आणि तो ह्या बारक्या गावातनं गेलेला. असे २०० च्या वर खेळाडू ग्रॅम्बलिंगमधनं प्रोफेशनल झाले.

छोट्या गावात होत नाही असं म्हणणाऱ्यांना आता साताऱ्यातूनही उत्तर आहे, अदिती स्वामी २०२३ ला बर्लिनला १७ व्या वर्षी तिरंदाजीत जगज्जेती झाली ती प्रवीण सावंत सरांकडं इथंच शिकून. तिचं कौतुक झालं तेवढं सरांचं झालं नाही असं मला मनापासून वाटतं.

रॉबिन्सनचे एकूण विजय ४०८. १९८५ ला त्यांनी अलाबामाचे जुने कोच बेअर ब्रायंट ह्यांचा ३२३ विजयांचा विक्रम मोडला. ते स्वतः मात्र म्हणायचे की एक नोकरी आणि एक बायको हाच माझा खरा विक्रम. शेवटची तीन वर्षं वाईट गेली, जिंकण्यापेक्षा हरणं जास्त, १९९६ नंतर त्यांना काढायचं घाटत होतं, लोकांनी आरडाओरडा केला तेव्हा अजून एक सीझन मिळाला आणि तोही हरण्यातच गेला. थोडं आधी थांबायला हवं होतं असं म्हणणारे आहेत, मला तसं वाटत नाही, ज्या माणसानं ते ग्राउंड उभं केलं त्यानं कधी जायचं ते त्यालाच ठरवू द्यावं. २००७ ला ते गेले तेव्हा लुइझियाना राज्याच्या कॅपिटॉलमध्ये, म्हणजे विधानभवनात, त्यांना अंत्यदर्शनासाठी ठेवलं होतं.

त्यांच्या जागेवर १९९८ ला कोच म्हणून कोण आलं माहितीये? डग विल्यम्स. आणि २०००, २००१, २००२ अशी सलग तीन वर्षं त्यांच्या कॉन्फरन्सची, म्हणजे आपापसात खेळणाऱ्या कॉलेजांच्या गटाची, चॅम्पियनशिप ग्रॅम्बलिंगकडंच राहिली.