गेम कंट्रोलर कॉम्प्युटरला जोडताना

बेळगाव, निपाणीच्या बाजारात कंट्रोलर घ्यायला गेलात तर आधी केबल तपासा. मोबाईलच्या काही स्वस्त केबलींत फक्त चार्जिंगच्या तारा असतात, डेटाच्या दोन तारा नसतातच. मग दिवा लागतो, पण विंडोजला काहीच दिसत नाही. लोक उगाच ड्रायव्हर शोधत बसतात.

जोडल्यावर विंडोज आणि आर ही बटणं एकदम दाबून joy.cpl टाइप केलं की कंट्रोलर तपासायची खिडकी उघडते, पण टाइप करताना चूक होऊ नये म्हणून सोपा मार्ग सांगतो: स्टार्टमध्ये ‘गेम कंट्रोलर्स’ शोधा, प्रॉपर्टीज उघडा. प्रत्येक बटण दाबून बघा. काडी (अंगठ्याने फिरवायची स्टिक) सोडल्यावर पडद्यावरची खूण मधोमध यायला हवी. थोडी सरकत असेल तर गेममध्ये डेडझोन (काडीची जेवढी हालचाल गेम मोजत नाही तो मधला भाग) वाढवा. फार वाढवलात तर बारीक हालचाल मरते.

इथं सगळं चालतं पण गेममध्ये नाही? बहुतेक वेळा मोडचा, म्हणजे पॅड कॉम्प्युटरशी कुठल्या पद्धतीनं बोलतो त्याचा, घोळ असतो. नवे गेम एक्सइनपुट ही विंडोजची नवी पद्धत मागतात, जुने पॅड डायरेक्टइनपुट ही जुनी पद्धत बोलतात. बऱ्याच पॅडवर मधलं बटण काही सेकंद दाबून धरलं की मोड बदलतो. नाहीतर स्टीम या गेम चालवायच्या अ‍ॅपच्या सेटिंग्जमध्ये स्टीम इनपुट चालू करा.

ब्लूटूथसाठी पीएस४च्या कंट्रोलरवर शेअर आणि पीएस बटण दिवा भराभर लुकलुकेपर्यंत धरा. एक्सबॉक्स वनच्या सुरुवातीच्या कंट्रोलरांत ब्लूटूथ नाही, त्यांना केबल किंवा वेगळा अडॅप्टर लागतो. ब्लूटूथचा डोंगल यूएसबी ३ च्या पोर्टला चिकटून लावू नका; सिग्नल तुटतो.

खानापूरकडच्या पावसाळ्यात कंट्रोलर उघडा ठेवू नका, सिलिका जेलसोबत डब्यात ठेवा.