काळमांत्रिकाची प्रवेशपरीक्षा: आधी पळं मोजता येऊ देत

कल्पितकथेत काळमांत्रिकांची शाळा आली की प्रवेशपरीक्षा बहुधा एकाच साच्याची असते. उमेदवार हात उचलतो, पडता पेला हवेत थांबतो, परीक्षक थक्क. पण पेला नेमका किती वेळ थांबला? उमेदवाराला वाटला तेवढाच का? आपली चूक किती आणि कुठल्या बाजूला जाते हे ज्याला ठाऊक नाही, त्याच्या हाती काळ देणं धोक्याचं. परीक्षेने ताकद नव्हे, चूक मोजावी.

त्यासाठी सेकंद उसने आणायची गरज नाही. भास्कराचार्यांच्या सिद्धान्तशिरोमणीत (1150) कोष्टक तयार आहे: 10 दीर्घ अक्षरं म्हणजे एक असु, 6 असूंचं एक पळ, 60 पळांची घटिका. म्हणजे पळ 24 सेकंदांचं, घटिका 24 मिनिटांची. मोजायचं साधन तोंडातच आहे, म्हणून पहिली चाचणी हीच ठेवावी. उमेदवाराने परीक्षकांकडे पाठ फिरवून बसायचं आणि दीर्घ अक्षरं म्हणत घटिका भरली की हात वर करायचा. एकूण 3600 अक्षरं, सेकंदाला अडीच.

इथे दोन चुका हमखास होतात. श्वास घेतानाची फट मोजायची राहते आणि घटिका लांबते. उलट अंगात ताप असला की मोजणी पळू लागते आणि घटिका आखडते. हडसन होगलंड या शरीरशास्त्रज्ञाने पत्नीच्या तापात हेच पाहिलं आणि 1933 मध्ये त्यावर निबंध लिहिला. म्हणून चाचणी दोनदा घ्यावी, एकदा निवांत बसवून आणि एकदा गडाच्या पायऱ्या चढून आल्या आल्या. दोन्ही वेळा 3 पळं उशिरा येणारा मुलगा हा एकदा 2 पळं आधी, एकदा 2 पळं उशिरा येणाऱ्यापेक्षा बरा. त्याची चूक वजा करता येते.

मग घटिकापात्र. बुडाला बारीक भोक असलेली तांब्याची वाटी घंगाळातल्या पाण्यावर सोडायची. ती भरून बुडाली की घटिका झाली. जुन्या लग्नांत मुहूर्त असाच धरत. ही वाटी बिघडते कशी, हे उमेदवाराला माहीत हवं. गाळाने भोक बुजतं, सुईने फार कोरलं तर मोठं होतं, वाटी काठाला चिकटली तर तिरकी भरते. पहाटेच्या गार पाण्यात ती उशिरा बुडते, कारण 10 अंशांवर पाण्याचा चिकटपणा 30 अंशांवरच्या दीडपटीहून जास्त असतो. लीलावतीच्या दंतकथेत भोकात मोती अडकला आणि मुहूर्त टळला. परीक्षकांनी मोत्याऐवजी अक्षतेचा एक दाणा गुपचूप टाकावा. वाटी बुडेपर्यंत थांबणारा नापास. स्वतःची मोजणी 65 पळांवर गेली तरी वाटी तरंगतेय, हे पाहून उठणारा आणि बुडाला बोट लावून पाहणारा पास.

जादूची चाचणी यानंतरच यावी, आणि लेखक सगळ्यात जास्त फसतात ते इथेच. उमेदवार खरोखर मागे जाऊ शकत असेल, तर तो हवी तितक्यांदा परीक्षा देईल आणि परीक्षकांना फक्त शेवटचा प्रयत्न दिसेल. मग मागे जाणं हेच तपासावं. 10 कवड्या हलवून ओळीने मांडायच्या, कुणीही न पाहता टोपलीखाली झाकायच्या. उमेदवाराने उताणी-पालथी असा क्रम लिहून मोहोरबंद करायचा, एका पळाने टोपली उचलायची. ज्याला पळभर मागे जाता येतं तो पाहून येऊन लिहील. कवड्या लिहिण्याआधीच टाकलेल्या हव्यात, हे विसरू नका. नंतर टाकल्या तर उमेदवाराच्या नुसत्या हालचालीने टाकणाऱ्याचा हात बदलेल आणि पाहिलेलं दान पुन्हा पडणार नाही. कवडी उताणी आणि पालथी सारखीच पडते असं धरलं, तर अंदाजाने बरोबर येण्याची शक्यता 1024 मध्ये एक. दोनशे उमेदवार असतील तर कुणीतरी नशिबाने पास होण्याची भीती उरते, म्हणून चाचणी दोनदा. मग शक्यता दहा लाखांत एकाहून कमी.

शेवटी अंधारी गुहा, तीन दिवस. प्रहर झालासा वाटला की उमेदवाराने दोरी ओढायची, वरच्याने वेळ टिपायची. इथे चांगले चांगले वाहवत जातात. फ्रेंच भूवैज्ञानिक मिशेल सिफ्र 1962 मध्ये दोन महिने घड्याळाविना गुहेत राहिला. 14 सप्टेंबरला बाहेर आला तेव्हा त्याच्या हिशोबाने 20 ऑगस्ट होता, आणि सेकंदाला एक या गतीने 120 मोजायला त्याला एकदा पाच मिनिटं लागली होती. गुहेत अन्न सगळं पहिल्याच दिवशी द्यावं, कारण ठरल्या वेळी खाली येणारी भाकरी हेही घड्याळच. दिवा द्यायचा नाही, तेल किती उरलं यावरून वेळ कळते. आणि पाणी ठिबकत नाही अशी गुहा निवडावी.